दहा मार्कांचा प्रश्न

खानापूरच्या बसस्टँडवर गेल्या महिन्यात एक जुनी विद्यार्थिनी भेटली. ‘सर, ओळखलासा काय?’ म्हणाली. चेहरा ओळखीचा होता, नाव मात्र आठवेना. अठरा वर्षांपूर्वी माझ्या वर्गात ती पुढून दुसऱ्या बाकावर बसायची. आता तिच्याबरोबर बारा वर्षांचा मुलगा होता आणि मुलाच्या हातात गुंडाळलेला तक्ता. शाळेत विज्ञान प्रदर्शन होतं म्हणे. मी तक्ता उलगडायला लावला. वर कानडीत मोठ्या अक्षरांत ‘कप्पु रंध्र’ लिहिलेलं आणि खाली काळ्या कागदावर एक नारिंगी कडं. २०१९ साली जगभरच्या पेपरांत झळकलेलं ते कृष्णविवराचं चित्र पोरानं रंगीत खडूंनी काढलं होतं.

‘हे काय रे?’ मी विचारलं.

‘उद्दिन वडे!’ तो हसत म्हणाला. आईनं डोळे वटारले तसा गप्प झाला आणि मग हळूच त्यानंच विचारलं, ‘सर, खालच्या बाजूला उजेड जास्त का आहे? मी फोटो बघून तसंच काढलंय. खरं कशानं ते कळंना.’

मी घसा साफ केला. सवयच ती. तेवढ्यात त्याची आई म्हणाली, ‘सर, हे किती मार्काला असतंय?’

तिनं ते हसून विचारलं. मला मात्र एकदम सगळं आठवलं.

अठरा वर्षांपूर्वीचा तास. फळ्यावर ‘कर्ल’चं सूत्र. ज्यांनी पदवीला गणित घेतलं त्यांना ठाऊक असेल; त्रिकोणासारखी उलटी खूण, तिच्यापुढे फुली आणि मग लांबलचक निर्धारक. ही मुलगी उभी राहून म्हणाली होती, ‘सर, हे कर्ल खरंच कुठं असतंय?’ मी खडू न थांबवता उत्तर दिलं, ‘दहा मार्कांच्या प्रश्नात.’ वर्ग हसला. मीही हसलो. ती खाली बसली.

‘त्या दिवसापासनं मी वर्गात काय विचारलं नाही, सर,’ ती बसस्टँडवर म्हणाली. आवाजात राग नव्हता. वांग्याचा भाव सांगावा तसं सांगितलं. ‘तुमच्या ध्यानातबी आलं नसंल.’

ध्यानात आलं नव्हतं. मी काही बोलणार तोवर त्यांची बस लागली. पोरानं खिडकीतून हात हलवला आणि दोन प्रश्न माझ्याजवळ राहिले. एक आईचा, एक मुलाचा. गंमत अशी की दोन्ही प्रश्नांचं उत्तर एकाच ठिकाणी आहे. वाचकहो, आजचा लेख म्हणजे ते उशिरा दिलेलं उत्तर आहे.

आधी एक कबुली देतो. त्या दिवशी मी विनोद केला, कारण मला उत्तर येत नव्हतं. आणि तेही कशाचं? गणितात एम. ए. करताना मी जो लघुप्रबंध लिहिला होता, त्याचा विषयच ‘सापेक्षतावादी चुंबकीय द्रव’ हा होता! चाळीस पानं सूत्रं. प्रत्येक अक्षराच्या डोक्यावर आणि पायाशी बारीक अक्षरं. आंद्रे लिख्नेरोविच या फ्रेंच गणितज्ञाचं १९६७ सालचं पुस्तक समोर ठेवायचं, एखादं गृहीत बदलायचं आणि निष्कर्ष काढायचा. काम चोख झालं, गुणही चांगले पडले. पण हा द्रव कुठं वाहतो, कुणी पाहिलाय का, हे मी स्वतःला एकदाही विचारलं नव्हतं. जे मी विचारलं नाही, ते त्या मुलीनं विचारलं. म्हणूनच बहुधा मला हसू आलं.

तर आधी आईचा प्रश्न.

कर्ल कुठं असतं? खानापुरात मलप्रभेच्या पुलावर उभं राहावं. पावसाळ्यात कणकुंबीकडून आलेलं पाणी पुलाच्या खांबांना अडतं आणि खांबाच्या मागं भोवरे पडतात. पाण्यात दोन काड्यांची फुली करून सोडली तर सरळ धारेत ती नुसती वाहत जाते. भोवऱ्याजवळ ती वाहता वाहता स्वतःभोवती गरगरते. त्या जागी पाणी किती आणि कुठल्या अंगानं गरगरतंय, त्याचं माप म्हणजे कर्ल. एवढंच. हे सांगायला पाच मिनिटंही लागली नसती.

आता हेच पाणी वीजवाहक आहे आणि आसपास चुंबकीय क्षेत्र आहे असं समजा. इथून खरी मौज सुरू होते. ‘चुंबकीय द्रव’ म्हटलं की लोखंडाचा चुरा मिसळलेलं तेल डोळ्यांपुढे येतं, पण आपण त्याबद्दल बोलत नाही. वायू इतका तापला की त्याच्या अणूंमधले इलेक्ट्रॉन सुटे होतात, तेव्हा त्याला प्लाझ्मा म्हणतात. तो वीज उत्तम वाहून नेतो. सूर्य प्लाझ्माचा आहे, तारे प्लाझ्माचे आहेत, ताऱ्यांमधल्या पोकळीतला विरळ वायूही बऱ्याच ठिकाणी प्लाझ्माच आहे. विश्वातलं जे काही द्रव्य आपल्याला दिसतं, त्यातलं बहुतेक असं आहे. आपली माती, पाणी, दगड हाच अपवाद.

वीजवाहक आणि चुंबक यांचं नातं घरी बघता येतं. फ्रिज-एसी दुरुस्त करणाऱ्याकडून तांब्याच्या नळीचा हातभर तुकडा आणा. तिच्यातून सहज जाईल असा छोटा, ताकदवान चुंबक घ्या. तांब्याला चुंबक चिकटत नाही, हे आपण सगळे जाणतो. आता नळी उभी धरून वरून चुंबक सोडा. तो टपकन पडत नाही. एक, दोन मोजेपर्यंत रमतगमत खाली येतो, जणू आत मध भरला आहे. चुंबक हलला की तांब्यात वीजप्रवाह उपजतो, त्या प्रवाहाचं स्वतःचं चुंबकीय क्षेत्र तयार होतं आणि ते पडणाऱ्या चुंबकाला मागं ओढतं. वाहक आणि चुंबकीय क्षेत्र एकमेकांना सहजासहजी ओलांडून जाऊ देत नाहीत.

तांब्यात हे क्षणभर टिकतं. प्लाझ्माचे विस्तार मात्र लाखो-कोटी किलोमीटरचे. तिथं ही पकड इतकी घट्ट होते की चुंबकीय रेषा द्रवातच रुतून बसतात. मळलेल्या कणकेत दोरा गुंतावा तसं. कणीक ओढली की दोरा ताणतो. आणि दोरा भक्कम असेल तर तो ओढला की कणीक वळते.

हे पहिल्यांदा नीट ओळखलं हान्नेस आल्फव्हेन या स्वीडिश शास्त्रज्ञानं. जन्म १९०८चा. सूर्यावरच्या डागांचा विचार करताना त्याच्या लक्षात आलं की द्रवात रुतलेल्या चुंबकीय रेषा ताणलेल्या तारेसारख्या असतात. तार छेडली की कंप पावते, तशी ही रेषाही कंप पावेल आणि तिच्यावरून लाट धावेल. १९४२ साली ‘नेचर’मध्ये त्यानं जेमतेम पानभराचं टिपण छापलं. लाटेचा वेग काढायचं सूत्र अगदी साधं: क्षेत्र जितकं बळकट तितका वेग जास्त, द्रव जितका जड तितका कमी. सतारीच्या तारेचंही तेच गणित. ताण वाढवला की सूर चढतो, तार जाड घेतली की उतरतो.

लोकांनी मानलं नाही. पुस्तकांत लिहिलेलं होतं की विद्युतचुंबकीय लाट उत्तम वाहकात शिरूच शकत नाही, पृष्ठभागावरच विरते. मग हा वाहकाच्या पोटातून लाट कशी नेतोय? कित्येक वर्षं दुर्लक्ष झालं. पुढं १९४८ साली आल्फव्हेन शिकागोला व्याख्यान द्यायला गेला. असं सांगतात की श्रोत्यांत बसलेल्या एन्रिको फर्मीनं ऐकता ऐकता मान डोलावली आणि म्हणाला, ‘अर्थातच.’ दुसऱ्या दिवसापासून सगळे भौतिकशास्त्रज्ञ म्हणू लागले, ‘अर्थातच!’ १९४९ साली स्टॉकहोमला पाऱ्यावर प्रयोग करून अशा लाटांचा शोध घेतला गेला. १९७० साली आल्फव्हेनला नोबेल मिळालं. आज त्या लाटा त्याच्याच नावानं ओळखल्या जातात.

हा किस्सा मी वर्गात अनेकदा रंगवून सांगितला आहे. बसस्टँडवरून परतताना मात्र तो मला वेगळाच दिसला. वर्गातल्या एका मोठ्या माणसानं मान डोलावली, तर एका विषयाचं दार उघडलं. वर्गातल्या दुसऱ्या एका माणसानं विनोद केला, तर एका मुलीचं तोंड मिटलं. फर्मी कुठं आणि मी कुठं! पण फळ्यासमोर उभा असलेला माणूस त्या तासापुरता त्या वर्गाचा फर्मीच असतो.

असो. आता द्रव आणि क्षेत्र यांच्यात मालक कोण, ते पाहू.

कधी हा, कधी तो. द्रवाचा जोर जास्त असेल तर तो रेषांना फरफटत नेतो. क्षेत्राचा जोर जास्त असेल तर द्रवाला रेषेच्या वाटेनंच जावं लागतं. सूर्याभोवती अशी एक सीमा आहे. तिच्या आत चुंबकीय क्षेत्राची हुकमत चालते. तिच्या बाहेर सूर्याचा वारा क्षेत्राला घेऊन मोकाट सुटतो. वाऱ्याचा वेग आणि आल्फव्हेन लाटेचा वेग जिथं सारखा होतो, ती ही सीमा. २०१८ साली अमेरिकेनं सोडलेलं ‘पार्कर’ यान २८ एप्रिल २०२१ रोजी हा उंबरठा ओलांडून सूर्याच्या प्रभामंडलात शिरलं. सूर्याच्या त्रिज्येच्या साधारण एकोणीस पट अंतरावर. माणसानं बनवलेली वस्तू तिथं पहिल्यांदाच गेली.

उंबरठ्याची गोष्ट आपल्याकडच्या घरांना समजावून सांगायला नको. माझी आई बैलहोंगलकडची. स्वयंपाकघरापासून उंबऱ्यापर्यंत तिची कानडी चालायची आणि आम्ही सगळे तिच्या वळणानं वळायचो. उंबरा ओलांडला की बाबांची मराठी, आणि आईची कानडी तिच्याबरोबर वाहत जायची. पण वाहत जाताना ती तुटायची नाही. बाजारात बाबा मराठीत भाव करायचे, तरी ‘सुम्ने’ आणि ‘साकु’ मधून मधून यायचंच.

आता ‘सापेक्षतावादी’ या शब्दाकडे येऊ. माझ्या लघुप्रबंधाच्या नावातला हा सर्वांत वजनदार शब्द.

आल्फव्हेनच्या सूत्राला एक खोट होती. क्षेत्र खूप बळकट आणि द्रव खूप विरळ घेतला तर लाटेचा वेग वाढत वाढत प्रकाशाच्या पुढं जातो. हे चालत नाही. आइन्स्टाइननं १९०५ साली सांगून ठेवलंय की ऊर्जेलाही वजन असतं. ऊर्जा कशाचीही असो. तापलेल्या वायूच्या दाबाची असो, नाहीतर चुंबकीय क्षेत्राची असो. रोजच्या व्यवहारात हे वजन इतकं थोडं की आपण सोडून देतो. कृष्णविवराजवळ ते सोडून चालत नाही. तिथं सूत्राच्या छेदात द्रवाच्या वस्तुमानाबरोबर क्षेत्राची स्वतःची ऊर्जाही मिळवावी लागते. म्हणजे तार ताणाल तेवढी ती स्वतःच जड होत जाते. मग वेग प्रकाशाच्या जवळ जातो, पण ओलांडत नाही. माझ्या चाळीस पानांतलं हे एकच वाक्य मी आज कुणाला अभिमानानं सांगेन. तेव्हा ते मला सूत्र क्रमांक म्हणून ठाऊक होतं.

आता मुलाचा उद्दिन वडा.

ते चित्र एम ८७ नावाच्या दीर्घिकेच्या मध्यावरच्या कृष्णविवराचं. अंतर सुमारे साडेपाच कोटी प्रकाशवर्षं. वस्तुमान आपल्या सूर्याच्या साधारण ६५० कोटी पट. पृथ्वीवरच्या सहा ठिकाणच्या आठ दुर्बिणी एकत्र जोडून एप्रिल २०१७ मध्ये निरीक्षणं घेतली आणि १० एप्रिल २०१९ रोजी चित्र जगापुढं ठेवलं. वड्याचं मधलं भोक म्हणजे कृष्णविवराची सावली. भोवतालचं कडं म्हणजे तिथं फिरणाऱ्या तप्त प्लाझ्माचा उजेड, गुरुत्वाकर्षणानं वाकवून गोल केलेला.

आणि खालच्या बाजूला उजेड जास्त का? कारण तो प्लाझ्मा प्रकाशाच्या वेगाशी तुलना करावी इतक्या वेगानं फिरतोय. एका बाजूनं आपल्याकडं येतो, दुसऱ्या बाजूनं दूर जातो. बसस्टँडवर उभं असताना हॉर्न वाजवत येणाऱ्या बसचा आवाज चढा लागतो आणि पुढं निघून गेली की उतरतो. प्रकाशाचंही तसंच. आपल्याकडे येणाऱ्या प्लाझ्माचा प्रकाश चढा होतो; शिवाय वेग एवढा मोठा असला की प्रकाश पुढच्या दिशेला एकवटतो आणि ती बाजू झगझगीत दिसते. तेव्हा बाळा, तू फोटो बघून काढलंस ते बरोबरच काढलंस. त्या कड्यात खालचा प्लाझ्मा आपल्याकडं येतोय.

पण सर्वांत मोठी गोष्ट त्या पहिल्या चित्रात दिसत नव्हती. एम ८७च्या मध्यातून एक सरळ झोत निघालेला आहे. १९१८ साली हेबर कर्टिस या अमेरिकन खगोलज्ञानं दुर्बिणीतून टिपलेल्या छायाचित्रात तो पाहिला आणि नोंदवून ठेवला. हजारो प्रकाशवर्षं लांबीचा झोत! जे सगळं गिळतं म्हणून प्रसिद्ध, त्याच्या तोंडाशीच हे कारंजं कसं?

२४ मार्च २०२१ रोजी त्याच कड्याचं दुसरं चित्र प्रसिद्ध झालं. या वेळी प्रकाश कुठल्या दिशेनं कंप पावतोय ते मोजलं होतं. चुंबकीय क्षेत्रात गिरक्या घेणाऱ्या इलेक्ट्रॉनचा प्रकाश क्षेत्राच्या दिशेचा माग देतो. चित्रात कड्यावर बारीक रेघांची नक्षी उमटली, भोवऱ्यासारखी वळत गेलेली. माझ्या लघुप्रबंधातला द्रव. मी तो अठरा-वीस वर्षांनी मोबाइलच्या पडद्यावर पाहिला. त्या रात्री मी माळ्यावरून ती काळ्या बाइंडिंगची प्रत काढली. कसर लागली होती.

आणि त्या क्षेत्राची ताकद किती निघाली? एक ते तीस गाऊस. आपल्या फ्रिजच्या दारावरचा साधा चुंबकही पन्नास-शंभर गाऊसचा असतो! मी आकडा दोनदा तपासला. मग कोडं सुटलं. तिथला प्लाझ्मा कमालीचा विरळ आहे. एका घनसेंटीमीटरमध्ये दहा हजार ते एक कोटी इलेक्ट्रॉन. आपल्या खोलीतल्या हवेत तेवढ्याच जागेत जे रेणू असतात त्यांची संख्या लिहायला पंचवीसवर अठरा शून्यं द्यावी लागतात. इतक्या विरळ द्रवाला फ्रिजच्या चुंबकापेक्षा दुबळं क्षेत्रही धरून ठेवतं. इतकं की आत पडू पाहणाऱ्या काही वायूला ते कृष्णविवराच्या तोंडाशी थोपवतं. ताकद नुसती मोजून उपयोग नाही. ती कुणाला धरतेय हे पाहावं लागतं.

झोताचं कारणही याच रेषांत असावं, असं आज बहुतेक अभ्यासक मानतात. फिरणारं कृष्णविवर भोवतालच्या अवकाशालाच आपल्याबरोबर फिरवतं. त्यात सापडलेल्या रेषा काथ्याच्या दोरीसारख्या पिळल्या जातात. पीळ वाढला की तो दोन्ही टोकांनी अक्षाच्या दिशेनं बाहेर धावतो आणि कृष्णविवराच्या फिरण्यातली ऊर्जा घेऊन जातो. ब्लँडफर्ड आणि झ्नायेक या दोघांनी १९७७ साली हे गणित मांडलं. त्याआधी १९६९ साली रॉजर पेनरोज यांनी फिरत्या कृष्णविवरातून ऊर्जा काढता येईल अशी युक्ती सुचवली होती, पण तीत कणाचे तुकडे प्रकाशाच्या निम्म्याहून अधिक वेगानं एकमेकांपासून फुटावे लागत. निसर्गात हे कठीण. १९८५ साली संजय वाघ, संजीव धुरंधर आणि नरेश दधीच या आपल्याकडच्या तिघांनी दाखवून दिलं की आसपास चुंबकीय क्षेत्र असेल तर ही अट पार पडते. यांतले धुरंधर आणि दधीच पुढं पुण्याच्या ‘आयुका’त होते. मी लघुप्रबंध लिहीत होतो तेव्हा हे काम होऊन पंधरा-सोळा वर्षं झाली होती, आणि तेही इथून दिवसाभराच्या अंतरावर राहणाऱ्या माणसांकडून. मला पत्ता नव्हता. विचारलंच नव्हतं ना!

आता शेवटचा मुद्दा. माझ्या लघुप्रबंधाच्या पहिल्या पानावर एक वाक्य होतं: ‘द्रवाची वीजवाहकता अनंत आहे असे मानू.’ म्हणजे रेषा द्रवात कायमच्या रुतलेल्या, कधी न तुटणाऱ्या. ही ‘गोठलेल्या रेषां’ची कल्पना आल्फव्हेनचीच. पण १९७० साली नोबेलच्या भाषणात त्यानं काय केलं? आपल्याच या कल्पनेवर बोट ठेवलं. ती पुष्कळदा दिशाभूल करते, असं सगळ्यांसमोर सांगितलं. ज्या गोष्टीनं नाव दिलं, तिच्यावरच मोठ्या दिवशी प्रश्नचिन्ह!

त्याचं म्हणणं रास्त होतं. रेषा कधीच तुटल्या नाहीत तर सूर्यावर स्फोटच होणार नाहीत. दोन विरुद्ध दिशांच्या रेषा एकमेकींवर दाबल्या गेल्या की अरुंद पट्ट्यात ती पकड सुटते. रेषा तुटतात, नव्यानं जुळतात आणि साठलेला ताण एकदम मोकळा होतो. १ सप्टेंबर १८५९ रोजी इंग्लंडमध्ये रिचर्ड कॅरिंग्टननं सूर्यावर असाच लखलखाट पाहिला. अठरा तासांच्या आत त्याचा धक्का पृथ्वीवर आला. तारयंत्रांतून ठिणग्या उडाल्या. त्या वेळी मुंबईच्या कुलाबा वेधशाळेत पृथ्वीच्या चुंबकत्वाच्या नोंदी हातानं घेतल्या जात. २००३ साली संशोधकांनी त्या नोंदी पुन्हा तपासल्या, तेव्हा २ सप्टेंबर १८५९च्या दिवशी सुमारे १६०० नॅनोटेस्लांची घसरण सापडली. त्या महावादळाची ही फार मोलाची नोंद समजली जाते. कुणीतरी, काय चाललंय हे ठाऊक नसताना, काटा जिथं दिसला तिथं लिहून ठेवत गेला म्हणून ती आपल्याला मिळाली.

योगायोग पाहा. बरोबर त्याच तारखेला, २ सप्टेंबर २०२३ रोजी, भारतानं सूर्याकडे ‘आदित्य एल-१’ पाठवलं. ६ जानेवारी २०२४ रोजी ते पृथ्वीपासून १५ लाख किलोमीटरवरच्या आपल्या जागी पोचलं. त्याच मे महिन्यात मोठं सौरवादळ आलं आणि लडाखमधल्या हानलेला आकाश लाल झालं. या यानावरच्या दोन दुर्बिणींपैकी प्रभामंडल पाहणारी बेंगळुरूच्या भारतीय ताराभौतिकी संस्थेनं केली, आणि सूर्याला अतिनील प्रकाशात टिपणारी पुण्याच्या ‘आयुका’नं. एकीकडं बेंगळुरू, एकीकडं पुणे, आणि दोघांचं लक्ष एकाच सूर्यावर. आपल्यासारख्यांच्या घरात याचं नवल वाटायला नको, पण बरं मात्र वाटतं.

कानडीत चुंबकाला ‘अयस्कांत’ म्हणतात. संस्कृतातला जुना शब्द. लोखंडाला प्रिय असणारा. मराठीत आपण लोहचुंबक म्हणतो. त्या पोराला दोन्ही शब्द येत असणार. शाळेत तो एक वापरेल, घरी दुसरा. कुठला बरोबर, असं त्याला कुणी विचारू नये. पण त्यानं मात्र पुष्कळ विचारावं.

त्याच्या आईनं पुढं गणित सोडलं. माझ्या त्या विनोदामुळंच सोडलं असं ती म्हणाली नाही, आणि तसं समजून मी स्वतःला उगाच मोठंही करणार नाही. घरच्या अडचणी असतात, लग्न असतं, नोकरी असते. पण वर्गातला एक हात त्या दिवशी खाली गेला तो वर आला नाही, हे खरं. तो हिशेब माझ्या खात्यावर आहे.

आता मी कर्ल शिकवायच्या दिवशी तांब्याची नळी घेऊन जातो आणि चुंबक मुलांच्याच हातानं सोडायला लावतो. तो सावकाश खाली येताना वर्गात जी शांतता पसरते, ती पाहण्यासारखी असते. त्यानंतर एखादा हात वर येतो. तेव्हा मी खडू खाली ठेवतो.

या अंकाची एक प्रत त्या शाळेच्या पत्त्यावर पाठवणार आहे. तक्त्याला बक्षीस मिळालं की नाही, ते पोरानं कळवावं. आणि त्याच्या आईनं, मनात असेल तर, तो अर्धवट राहिलेला तास पुढं चालू करावा. प्रश्न तिनंच विचारायचा. मार्क नाहीत.